निम्मं घर

केक अर्धा मिळत नाही, हे दादाला बेकरीत गेल्यावर कळलं. "पैसे थोडे जास्त घ्या, पण निम्माच द्या," असं त्यानं बेकरीवाल्याला परोपरीनं विनवून पाहिलं. शेवटी अख्खा घेऊन आला, घरी फूटपट्टी लावून बरोबर मधोमध कापला, एक भाग समोरच्या बिऱ्हाडात पाठवला आणि उरलेला अर्धगोल टेबलाच्या मध्यभागी ठेवला.

"हे काय? उंदरानं खाल्ला का?" दारातून आत येत ताईनं विचारलं.

"जेवण झालं की सांगतो. आधी हात धू."

दादा पन्नाशीचा, ताई पंचेचाळिशीची. खरं तर दादा मोठा. पण धाकट्या भावानं, बारक्यानं, बोलायला सुरुवात केल्यापासून ती सगळ्या घराची ताई झाली होती आणि दादाही तिला ताईच म्हणायचा. ती बस डेपोत वेळापत्रकं जुळवायची. कुठली गाडी किती वाजता सुटली म्हणजे कुठली रिकामी परत येणार नाही, हे तिच्या बोटांवर असायचं. डेपोच्या क्वार्टरमध्ये एकटी राहायची आणि रविवारी इथं जेवायला यायची. बारक्या एकोणतीस वर्षांचा, दारातून वाकून आत यावं लागेल इतका उंच, तरी बारक्याच. इस्पितळाच्या मागच्या इमारतीत तो कृत्रिम पाय बनवायचा, तिथंच जवळ खोली घेऊन राहायचा आणि रविवारी तोही इथंच जेवायचा. वडील गेले तेव्हा तो नऊ वर्षांचा होता. दादा-वहिनीला मूल झालं नाही. जे काही लाड, बोलणी आणि फीचे खर्च व्हायचे होते ते सगळे बारक्याच्याच वाट्याला आले.

जेवण झालं. वहिनीनं ताटं उचलायला घेतली तशी दादानं तिला हातानंच थांबवलं.

"बस जरा. सगळे बसा. आई, तू इकडे खुर्चीत ये."

तो उभा राहिला. लिफ्टच्या शाफ्टमध्ये तीस वर्षं उभं राहून त्याचा उजवा खांदा किंचित वर चढला होता, आणि भाषण करायचं म्हटलं की तो आणखी वर चढायचा.

"दहा वर्षांपूर्वी याच महिन्यात आपण भाड्याच्या खोल्या सोडून इथं आलो. वीस लाखांचं कर्ज. वीस वर्षांची मुदत. दर महिन्याला सोळा हजार सातशे एकोणतीस. एक हप्ता चुकवला नाही. मागच्या महिन्यात एकशे विसावा गेला. म्हणजे..." त्यानं केकच्या अर्धगोलाकडे हात केला. "आजपासून निम्मं घर आपलं!"

आईनं टाळ्या वाजवल्या. वहिनी हसली. ती चष्म्याच्या दुकानात भिंगं घासायची. सबंध आठवडा उभी असायची आणि रविवारी तिचे पाय सुजलेले असायचे. पण आता ते सगळं तिच्या चेहऱ्यावरून उतरलं.

"कुठलं निम्मं?" बारक्या म्हणाला. "स्वयंपाकघर त्यात आलं का?"

"स्वयंपाकघर आलं. मोरी अजून बँकेची." दादानं शर्टाच्या खिशातून बंद पाकीट काढलं. "परवा बँकेत जाऊन उतारा मागून आणलाय. मुद्दाम उघडला नाही. ताई, तू वाच. मोठ्यानं वाच, आईला ऐकू जाऊ दे."

ताईनं पाकीट फाडलं. आत दोन पानं होती. आकड्यांचे रकाने पाहिले की तिची नजर आपोआप शेवटच्या ओळीवर जायची. वेळापत्रकात गाडी शेवटी कुठं पोचते ते आधी बघायचं, ही पंचवीस वर्षांची सवय. ती शेवटच्या ओळीवर गेली आणि तिथंच थांबली.

शिल्लक मुद्दल : १५,८१,०४८. शिल्लक हप्ते : १७५.

तिनं पुन्हा वाचलं. मग वरचं नाव आणि कर्जाचा क्रमांक तपासला. दादाचंच नाव.

"काय ताई, चष्मा हवाय का?" वहिनीनं विचारलं. "सांगा, दुकानदार घरातच आहे."

सगळे तिच्याकडे बघत होते. आई तर खुर्चीच्या कडेला येऊन बसली होती. ताईनं नजर पुन्हा वरच्या ओळींकडे नेली.

"एकशे वीस हप्ते भरले," तिनं वाचलं. "एकही उशिरा नाही."

ते खरंच लिहिलेलं होतं. तिनं पानं घडी करून पाकिटात घातली. दादानं केक कापायला सुरी उचलली, आणि त्या गडबडीत पाकीट ताईच्या पर्समध्ये गेलं हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

स्वयंपाकघरात वहिनी भांडी घासत होती. ताईनं दार लोटून घेतलं.

"वहिनी, नळ बंद करा."

वहिनीनं तिच्या तोंडाकडे पाहिलं आणि नळ बंद केला.

ताईनं पानं ओट्यावर पसरली. वहिनीनं ओले हात पदराला पुसले, वाकून आकडे पाहिले. आकड्यांची तिला भीती नव्हती. भिंगाच्या पाव नंबरानं माणसाचं डोकं दुखतं हे तिला ठाऊक होतं. पण हे आकडे तिला कळेनात.

"वीस लाखांतून वीस लाख भरले. मग पावणेसोळा लाख राहिले कुठून? कुणाचं तरी चुकलंय."

"चुकलेलं नाही. बघा, पहिला महिना. सोळा हजार सातशे एकोणतीस भरले. त्यातले तेरा हजार तीनशे तेहेतीस नुसतं व्याज. मुद्दलात गेले तीन हजार तीनशे शहाण्णव. बँक आधी आपलं व्याज काढून घेते, उरेल ते मुद्दलात टाकते. सुरुवातीला कर्ज मोठं, म्हणून व्याज मोठं. सगळं सुरळीत झालं असतं, तरी दहा वर्षांनी निम्मं फिटलंच नसतं. पावणेचौदा लाख राहिलेच असते."

"हे त्यांना माहीत आहे?"

"दादाला हप्ते मोजता येतात. तो हप्तेच मोजत बसला."

वहिनी स्टुलावर बसली. "पण हे तर पावणेचौदाही नाहीत."

"ती दुसरी गोष्ट. व्याजाचा दर दोनदा वाढलाय. आठाचा नऊ झाला, नवाचा साडेनऊ. हप्ता मात्र तोच राहिला."

"मग बरंच झालं की."

"नाही ना. हप्ता तोच ठेवला की मुदत वाढते. दादाला वाटतंय दहा वर्षं राहिली. राहिलेत एकशे पंचाहत्तर महिने. चौदा वर्षं, सात महिने."

वहिनीनं मनातल्या मनात केलेला हिशेब ताईला तिच्या ओठांवर दिसला : पन्नास आणि चौदा. कंपनी साठीला नारळ देते. लिफ्टच्या कामाला साठीनंतर कोणी ठेवत नाही, आणि ठेवलं तरी दादाचा खांदा तोवर राहणार नाही.

"तुम्ही वेळापत्रकं जुळवता," वहिनी एकदम म्हणाली. तिचा आवाज कोरडा होता. "दहा वर्षांत एकदा हे बघावंसं वाटलं नाही?"

"मला कुणी दाखवलं? घर तुमचं. मी रविवारची पाहुणी. मागितलं असतं तर तुम्हीच म्हणाला असतात, नणंदेला काय करायच्यात चौकशा."

"म्हणाले असते," वहिनीनं कबूल केलं.

"पण दर वाढला तर बँक कळवत नाही का?" वहिनीनं विचारलं. "यांच्या फोनवर दर महिन्याला हप्ता कापल्याचा निरोप येतो. तेवढाच आकडा. दुसरं कधी काही आलं नाही."

"कळवायला हवं. ईमेलनं कळवत असतील."

"यांना कुठलं ईमेल? तेव्हा अर्जावर बारक्याचं..."

वाक्य तिथंच थांबलं. दार उघडलं होतं आणि बारक्या केकच्या बशा घेऊन उभा होता. किती वेळ उभा होता कुणास ठाऊक. त्याच्या तोंडावरचा रंग उडाला होता.

"किती म्हणालीस ताई?" त्यानं विचारलं. "एकशे पंचाहत्तर?"

"तुला माहीत होतं?"

"मुदत वाढते हे माहीत होतं. इतकी वाढते हे माहीत नव्हतं."

त्यानं बशा ओट्यावर ठेवल्या आणि उभ्या उभ्या सांगून टाकलं. पहिलं पत्र तिसऱ्या वर्षी आलं. दर वाढलाय, हप्ता वाढवायचा असेल तर पंधरा दिवसांत कळवा, न कळवल्यास हप्ता तोच राहील आणि मुदत वाढेल. नवा हप्ता महिन्याला अकराशेंनी जास्त होणार होता. तो तेव्हा हॉस्टेलमध्ये होता, कॉलेजचं तिसरं वर्ष. तिथल्या जेवणाचे महिन्याचे पैसे जवळपास तेवढेच होते, आणि दादा ते ओव्हरटाइम करून पाठवायचा.

"मला वाटलं, हे दादाला कळलं तर तो आणखी रात्रपाळ्या घेईल. नाहीतर माझं शिक्षण थांबेल. मुदत वाढली तर काय, दहा-बारा महिने जास्त, मी तोवर कमवायला लागेन, मीच भरीन, असं वाटलं. म्हणून उत्तरच दिलं नाही."

"आणि दुसरं?" ताईनं विचारलं. "दुसरं पत्र आलं तेव्हा तर तू शिकून बाहेर पडला होतास."

"पहिलं लपवलं होतं ना. दुसरं दाखवलं असतं तर पहिलंही दाखवावं लागलं असतं."

वहिनी स्टुलावरून उठली. तिनं बारक्याला लहानपणी नाही नाही ते बोलून घेतलं होतं, एकदा तर फुटलेल्या बरणीसाठी पायपुसणं फेकून मारलं होतं. ताईला वाटलं, आता काही खरं नाही. पण वहिनीनं आवाज चढवला नाही.

"हे मी त्यांना सांगणार नाही. ताईही सांगणार नाहीत. तूच सांगायचं. आत्ता. त्यांचा केक पोटात आहे तोवर."

बारक्यानं सांगितलं. टेबलापाशी उभं राहून, हात मागे बांधून, शाळेत धडा म्हणून दाखवावा तसं. मध्ये दोनदा अडखळला. दादानं त्याला एकदाही तोडलं नाही. बोलणं संपल्यावर त्यानं फक्त ताईकडे हात पुढे केला. ताईनं पानं त्याच्या हातात दिली.

तो बराच वेळ वाचत राहिला. लिफ्टचा आराखडा वाचावा तसं, बोट ठेवून, ओळीनं.

"म्हणजे मी चौसष्ट वर्षांचा होईन," तो म्हणाला.

"साडेचौसष्ट," वहिनी म्हणाली.

"हं."

त्यानं पानं टेबलावर ठेवली, चपला घातल्या आणि तो जिना उतरून गेला. या इमारतीची लिफ्ट तो कधी वापरायचा नाही; म्हणायचा, सुट्टीच्या दिवशी कोण कामावर जाईल.

तो गेल्यावर आईच आधी बोलली.

"पोरगं होतं ते. बाविसाव्या वर्षी कुणाला कळतं एवढं?"

"बाविसाव्या वर्षी मी भिंगं घासून त्या खोल्यांचं अर्धं भाडं भरत होते," वहिनी म्हणाली. "मला कळत होतं."

"तू त्याला टाकून बोलतेस का नेहमी..."

"आई, मी त्याला वाढवलंय. मला बोलू द्या."

"वहिनी बरोबर बोलतेय," बारक्या म्हणाला. "आई, तू माझी बाजू घेऊ नकोस."

आईचा चेहरा पडला. मग तिनं असा प्रश्न विचारला, की त्या दुपारी बाकीच्यांपैकी कुणालाच तो सुचला नव्हता.

"म्हणजे हे घर आपल्याला पडलं तरी केवढ्याला?"

ताईनं पर्समधून पेन काढलं. पाकीट उलटं करून त्याच्या पाठीवर लिहायला घेतलं. आतापर्यंत भरले ते वीस लाख सात हजार. पुढचे एकशे पंचाहत्तर हप्ते, म्हणजे एकोणतीस लाख सत्तावीस हजार.

"एकोणपन्नास लाख पस्तीस हजार. वीस लाखांच्या कर्जाचे."

"अगं बाई," आई म्हणाली. "म्हणजे आपण अडीच घरं घेतली."

कुणी हसलं नाही, पण खोलीतला ताण जरा सैल झाला. वहिनी टेबलाशी येऊन बसली. बारक्यानंही खुर्ची ओढली, जरा लांबच.

"आता दर महिन्याला किती मुद्दलात जातंय?" वहिनीनं विचारलं.

"चार हजार दोनशे. साडेबारा हजार व्याजातच जातात."

"आणि हप्ता वाढवला तर? वरचे पैसे कुठं जातात? पुन्हा व्याजातच?"

ताईनं मान वर केली. प्रश्न अगदी मर्मावर होता.

"नाही. व्याज कर्जावर लागतं, हप्त्यावर नाही. वर टाकाल तो पैसा सगळा मुद्दलात. म्हणून तर..." ती भराभर लिहू लागली. फोनवर गुणाकार, भागाकार, मग पुन्हा पाकिटावर. डेपोत एखादी गाडी वीस मिनिटं अलीकडे आणली की मागच्या सगळ्या गाड्या सरकतात. तसेच इथं महिने सरकत होते आणि तिला तो खेळ नकळत आवडायला लागला होता. "सोळा हजार सातशेऐवजी वीस हजार केले, तर एकशे पंचाहत्तराचे एकशे पंचवीस होतात. पन्नास हप्ते कमी."

"सव्वातीन हजारांत चार वर्षं?" बारक्या पुढे सरकला.

"चार वर्षं दोन महिने."

"ते मी देणार."

"तू गप्प बस," वहिनी म्हणाली. पण या वेळी तिच्या बोलण्यात धार नव्हती.

दादा तासाभरानं परत आला. घामानं शर्ट पाठीला चिकटला होता. कुठं गेला होतास, हे कुणी विचारलं नाही. त्यानं माठातून पाणी घेतलं, दोन पेले प्यायला आणि ताईच्या शेजारी बसला. पाकिटाची पाठ आकड्यांनी भरली होती.

"सांग," तो म्हणाला.

ताईनं सांगितलं. तो ऐकत राहिला. सव्वातीन हजार कोण देणार, इथवर बोलणं आलं तेव्हा मात्र त्यानं मान हलवली.

"नको. त्याचे पैसे नकोत. मी शनिवारची जास्तीची पाळी घेईन."

"कुठल्या खांद्यावर?" वहिनीनं विचारलं.

"होईल."

"होणार नाही. आणि अहो, तुमच्या 'नको'ची किंमत ताईंनी काढून ठेवली आहे. पन्नास महिने. मी ते भरायला तयार नाही. मला तुम्ही साठाव्या वर्षी घरी हवे आहात, हातपाय धड असताना."

दादानं पहिल्यांदाच बारक्याकडे पाहिलं. बारक्या नजर चुकवत नव्हता. त्याचे डोळे मात्र भरून आले होते.

"तुझं शिक्षण थांबवलं असतं असं वाटलं तुला?" दादानं विचारलं. "मी?"

"तेव्हा वाटलं."

"तेच लागलं मला," दादा म्हणाला. "बँकेचं नंतर बघू." आणि तो आत जाऊन पडला.

मंगळवारी दादानं अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि ताईला बरोबर घेतलं. बँकेतली अधिकारी तरुण होती, बोलायला गोड. तिनं पडद्यावर खातं उघडलं.

"साडेनऊ टक्के. हो, तुमचं जुनं खातं आहे ना."

"नव्यांना काय दर आहे?" ताईनं विचारलं.

"साडेआठ."

"आणि आम्हाला?"

"अर्ज केलात तर तुम्हालाही मिळेल. थोडं शुल्क भरावं लागतं."

दादा खुर्चीत पुढे सरकला. "कधीपासून मिळालं असतं?"

"साधारण दीड वर्ष झालं. पण ग्राहकानं मागावं लागतं, सर. आपोआप होत नाही."

"तुम्ही सांगितलं नाहीत."

"तुम्ही विचारलं नाहीत," ती म्हणाली, आणि आपण काय बोललो हे लक्षात येऊन जरा ओशाळली.

ताईला वाटलं, आता दादा टेबलावर हात आपटणार. त्यानं हात मांडीवरच ठेवले.

"बाई, मी लिफ्टचं काम करतो," तो शांतपणे म्हणाला. "दोर झिजला की आम्ही जाऊन सांगतो. लोकांनी विचारायची वाट बघत नाही. विचारायला कोणी उरलं तर पाहिजे ना."

त्या तरुणीनं खणातून अर्ज काढला, कुठं कुठं सही करायची तिथं पेन्सिलीनं फुल्या केल्या, आणि हप्ता वाढवण्याचा अर्जही न मागता पुढे ठेवला. दर पुढे पुन्हा वाढू शकतो, तेव्हा दर वर्षी उतारा घेऊन जा, हेही सांगितलं. ताईनं तिथंच बसून नवा आकडा काढला. साडेआठ टक्के, वीस हजारांचा हप्ता.

"एकशे सतरा," ती म्हणाली. "नऊ वर्षं, नऊ महिने. साठाला तीन महिने कमी असताना सुटशील."

"आणि पडलं केवढ्याला? आई विचारील."

"त्रेचाळीस लाख तीस हजार."

"तरी दुपटीच्या वर."

"हो. सहा लाख वाचले, एवढंच."

दादानं सह्या केल्या. हप्त्याच्या अर्जावर मात्र त्याचं पेन थांबलं. सव्वातीन हजारांचं काय करायचं हे त्यानं अजून कुणाला सांगितलं नव्हतं. मग त्यानं तिथंही सही केली.

बाहेर पायऱ्यांवर आल्यावर तो म्हणाला, "तेव्हा हे सगळं कुणी समजावून दिलं असतं, तरी मी घर घेतलंच असतं, ताई. त्या भाड्याच्या खोल्यांत आईचा दमा... घेतलंच असतं. पण समजून घेतलं असतं. गेली दहा वर्षं मला वाटत होतं मी एक मजला चढतोय, दुसरा चढतोय. आणि मी जिन्याच्या पहिल्याच वळणावर होतो."

"आता खरी पायरी माहीत आहे."

"हं. तेवढं बरं वाटतंय."

बारक्याशी तो पुढचे नऊ दिवस बोलला नाही. भांडला नाही, टोमणे मारले नाहीत. फक्त बोलला नाही. रविवारी बारक्या आला नाही. त्यानं पहिल्या महिन्याचे सव्वातीन हजार वहिनीच्या खात्यात पाठवून दिले. वहिनीनं ते तसेच दादाच्या खात्यात टाकले आणि या कानाचं त्या कानाला कळू दिलं नाही. आईनं दोन दिवस कुणाशीच धड बोलायचं नाही असं ठरवलं, पण ते तिला झेपलं नाही.

दहाव्या दिवशी डेपोतून निघताना ताईला फाटकाशी दादा उभा दिसला. अंगात कामाचेच कपडे होते, खिशाला ग्रीस लागलेलं.

"इस्पितळात जाऊ या," तो म्हणाला. "मला त्याच्या इमारतीची वाट माहीत नाही."

ते खोटं होतं. इस्पितळाच्या तिन्ही लिफ्टा दादाच सांभाळायचा. पण चार वर्षांत बारक्याच्या कामाच्या जागी तो एकदाही गेला नव्हता, हे खरं होतं. ताई त्याच्याबरोबर चालू लागली.

मागच्या इमारतीत खालच्या मजल्यावर एक लांबट खोली होती. भिंतीला प्लास्टरचे साचे टांगलेले, एका बाजूला पाय तासायचं खराद यंत्र, चिकटवायच्या द्रावणाचा उग्र वास. मधोमध दोन समांतर दांड्या होत्या आणि त्यांच्यामध्ये पन्नाशीची एक बाई दोन्ही हातांनी दांड्या घट्ट धरून उभी होती. तिचा डावा पाय गुडघ्याखाली नवा होता. बारक्या तिच्यापाशी जमिनीवर गुडघे टेकून बसला होता, हातात षटकोनी पाना.

"आता टाका पाऊल. मी इथंच आहे."

बाईनं पाऊल टाकलं. मग दुसरं. तिच्या कपाळावर घाम आला. चार पावलांत ती थांबली. दारातून दादा बघत होता. तो तिच्या पायाकडे बघतच नव्हता. तिच्या खांद्यांकडे बघत होता.

"डावीकडे झुकतायत त्या," तो म्हणाला.

बारक्यानं दचकून मागे पाहिलं. त्याच्या हातातला पाना खाली पडला.

"डावा टेकला की खांदा खाली जातोय," दादा पुढे म्हणाला. आत यावं की नाही, हे अजून ठरत नसल्यासारखा तो उंबऱ्यावरच उभा होता. "पाय कमी पडतोय तो."

"दोन मिलिमीटर वाढवणारच होतो," बारक्या म्हणाला.

"दोन नाही. जास्त."

बारक्यानं पाना उचलला. दोन मिलिमीटरांनी पाय उंच केला. बाई चालली. खांदा अजून किंचित जात होता. बारक्यानं दादाकडे न बघता आणखी एक वाढवला. बाई पुन्हा चालली, आणि तिचे खांदे पाण्यासारखे एका पातळीत राहिले.

"हे कोण? मोठे डॉक्टर का?" बाईनं धापा टाकत विचारलं.

"माझा दादा," बारक्या म्हणाला.

"लिफ्ट दुरुस्त करतो मी," दादा म्हणाला.

तो शेवटी आत आला. साच्यांकडे, खरादाकडे, भिंतीवर ओळीनं लावलेल्या पावलांकडे त्यानं एक एक करून पाहिलं. एका पावलाचा सांधा हातात घेऊन हलवून बघितला आणि जागच्या जागी ठेवला. ताईला त्याच्या चेहऱ्यावर काय चाललंय हे वाचता आलं नाही, पण त्याचा उजवा खांदा हळूहळू खाली आला होता.

"रविवारी जेवायला ये," तो बारक्याला म्हणाला. "तुझी वहिनी तुझ्यासाठी काढून ठेवते आणि मग ते मला खावं लागतं."

बारक्यानं मान डोलावली.

"मी आता हात सोडून बघू का?" बाईनं विचारलं.

बारक्या उठेपर्यंत दादा दांड्यांच्या पलीकडच्या टोकाशी जाऊन उभा राहिला होता. कुणी सांगितलं नव्हतं. त्यानं ग्रीस लागलेले तळवे पँटला पुसले आणि दोन्ही हात पुढे केले.

"या," तो म्हणाला. "सावकाश या. घाई नाही."